वैनगंगेचे घाट, कानांनी ऐकलेले

सोमवार, भंडारा

बंदरावरचे माहितीपट मी मन लावून पाहतो. जहाजांचे भोंगे, साखळदंड, क्रेनची करकर, पहाटे मासळी उतरवणाऱ्या बायांचा कलकलाट, रात्री खानावळीतली गाणी. निव्वळ आवाजांतून एका शहराचा दिवस उभा राहतो. आमच्या विदर्भाला समुद्र नाही. दोन्ही बाजूंनी तो शेकडो किलोमीटर लांब. पण पाण्याच्या काठानं, पाण्यावरच पोट असलेली गावं आहेत. वैनगंगेचं पाणी पुढे वर्धेला मिळून प्राणहिता होतं, मग गोदावरीत जातं आणि शेवटी बंगालच्या उपसागराला भेटतं. समुद्राशी आमचं नातं आहे ते एवढंच, पण ते खरं आहे. मित्राकडे कॅमेरा, माझ्याकडे रेकॉर्डर. वैनगंगेच्या घाटांवरचं रोजचं जगणं टिपायचं ठरवून आम्ही जानेवारीत, धानाची चुरणी आटोपल्यावर, नागपूरहून एसटीनं निघालो. चित्रांचं तो बघेल. मी जे ऐकलं ते लिहून ठेवतोय.

भंडारा हे पितळेच्या भांड्यांचं गाव. कासारांच्या आळीत शिरलो तेव्हा हातोडीचे ठोके सुरू होते, पण पूर्वीसारखे घराघरातून नाहीत. एका ओसरीवर एक कारागीर गुंडाला, म्हणजे पाण्याच्या पितळी घागरीला, ठोके देत होता. भांडं मांडीशी फिरत राहतं आणि ठोका एकाच जागी पडतो, त्यामुळे पितळेवर एकसारख्या खुणांची ओळ उमटत जाते. भांड्याच्या पोटाशी ठोका खोल वाजतो, गळ्याशी येता येता तो चढत जातो. दहा मिनिटं टिपून घेतलं आणि नदीकडे वळलो.

गाव ओलांडून कारध्याच्या पुलावर गेलं की वैनगंगा दिसते. जानेवारी असूनही पात्र काठोकाठ भरलेलं. खाली गोसीखुर्दचं धरण आहे आणि त्याचा फुगवटा इथपर्यंत येतो, म्हणून ही नदी आता वाहताना दिसत नाही, नुसती पसरलेली असते. पाण्यावर जलपर्णीचे हिरवे पट्टे. कानाला हेडफोन लावून पुलावर उभा राहिलो तर खालून काहीच येईना. वाहणाऱ्या पाण्याला आवाज असतो, थांबलेल्याला नसतो. ऐकू आले ते वरून जाणारे ट्रक.

पावसाळ्यात मात्र अख्ख्या जिल्ह्याचं लक्ष कारध्याच्या पातळीकडे असतं. २०२० च्या ऑगस्टअखेरीस मध्य प्रदेशातल्या संजय सरोवराचं पाणी आलं, गोसीखुर्दचे सगळे ३३ दरवाजे उघडावे लागले आणि भंडाऱ्यापासून वडशापर्यंत गावंच्या गावं पाण्यात गेली. पुलाजवळच्या चहाच्या टपरीवाल्यानं भिंतीवर छातीएवढ्या उंचीवर हात ठेवून दाखवलं, "इथवर होता पानी." टपरी नंतर पुन्हा उभी केली, तीही त्याच जागी.

मंगळवार, आंभोरा

आंभोऱ्याला पाच नद्या एकत्र येतात: वैनगंगा, कन्हान, आम, मुरझा आणि कोलारी. टेकडीवर चैतन्येश्वराचं देऊळ आहे. आद्यकवी मुकुंदराजांचं नातं परंपरा या जागेशी जोडते. अंबाजोगाईकरांचाही तोच दावा आहे आणि अभ्यासकांत त्यावर बरंच लिहिलं गेलंय. मला त्या वादात शिरायचं नाही. टेकडीवर बसून चहूकडे पाणी पाहिलं की इथं कुणाला तरी कविता सुचली असेल, एवढं सहज पटतं.

आता या संगमावर तारांनी तोललेला मोठा पूल उभा आहे. २०२४ च्या जानेवारीत तो सुरू झाला. मध्ये उंचावर काचेची गॅलरी आहे, लोक तिथून नदी बघतात, फोटो काढतात. नागपूर जिल्ह्यातलं कुही आणि पलीकडचं भंडारा यांच्यात पूर्वी नावेनं ये-जा होती. पुलावरून आज दुचाकीवर पाच मिनिटांत पलीकडे जाता येतं. आजारी माणूस, बाळंतपणाला नेलेली बाई, शाळेतली पोरं, सगळ्यांसाठी हा पूल किती मोलाचा आहे हे वेगळं सांगायला नको. मला तो मनापासून आवडला.

पण मी ऐकायला आलो होतो ते नावेवाल्यांना. एक म्हातारे गृहस्थ किनाऱ्यावर नाव बांधून बसले होते. आता ते सुटीच्या दिवशी पर्यटकांना फेरी मारून आणतात. त्यांना मामाजी म्हटलं तसे खुलले. पूर्वी पलीकडच्या काठावरून हाक यायची, म्हणाले. "हो ऽ ऽ" अशी लांब हाक आली की अंधारातही नाव सोडायची. कोण आहे, बाई आहे की बुवा, घाई आहे की नाही, सगळं त्या हाकेत कळायचं. मयताला जाणाऱ्याची हाक वेगळी, लग्नाला जाणाऱ्यांची वेगळी. मी विचारलं, ती हाक मारून दाखवाल का? त्यांनी दोन्ही हातांचा पंजा तोंडाशी धरला आणि पाण्यावर हाक सोडली. ती कोलासूरच्या टेकडीवर आदळून परत आली. काचेच्या गॅलरीतले दोघे-तिघे खाली वाकून बघायला लागले.

"आता कोनी हाक मारत नाई जी," ते म्हणाले. "फोन करतेत."

आमच्या संग्रहातली मला सगळ्यात मोलाची वाटणारी नोंद हीच.

कन्हानमधून इथं येणारं पाणी नागपूरची नाग नदी सोबत घेऊन येतं, म्हणजे शहराचं सांडपाणी. किनाऱ्यावर काही ठिकाणी वास स्पष्ट येतो. मी नागपूरचा. ज्या पाण्यात हे लोक जाळी टाकतात, त्या पाण्यात माझ्या घरच्या मोरीचाही वाटा आहे. हे मला तिथं उभं राहून फार लागलं.

बुधवार, गोसीखुर्द

पहाटे साडेचारला उठलो. धरणाच्या जलाशयाकाठच्या एका पुनर्वसित गावात आदल्या रात्री मुक्काम होता, मासेमारी करणाऱ्या ढिवर समाजातल्या एका घरी. अंगणात शेकोटी पेटली होती आणि चुलीवर चहा. थंडी अशी की रेकॉर्डरची बटणं बोटांना कळत नव्हती.

गोसीखुर्दची पायाभरणी २२ एप्रिल १९८८ ला पंतप्रधान राजीव गांधींच्या हस्ते झाली. तेव्हाचा अंदाजित खर्च होता ३७२ कोटी. त्याचे पुढे किती हजार कोटी झाले, ते वर्तमानपत्रं वर्षानुवर्षं छापत आली आहेत. अडीच लाख हेक्टरला पाणी देण्याचं हे काम. भिंत अकरा किलोमीटरच्या वर लांब. कागदावर धरण म्हणजे आकडे. काठावर ते वेगळं दिसतं.

अंधार असतानाच नावा परत यायला लागल्या. संध्याकाळी जाळी लावून ठेवायची आणि पहाटे काढायची, हा इथला नेम. आधी काही दिसत नाही, नुसती वल्ह्याची 'चुबुक चुबुक' जवळ येत जाते. मग बॅटरीचा उजेड, मग नावेचं नाक वाळूत घुसल्याचा 'खर्र'. दोघं जण जाळ्याचा ढीग उचलून ताडपत्रीवर टाकतात. तंगूसाचं जाळं ओलं असलं की जमिनीवर पडताना अजिबात वाजत नाही. वाजतात त्या त्याच्या कडेच्या शिशाच्या गोळ्या. बारीक, ओल्या, एकामागून एक. तो आवाज मी आयुष्यात प्रथमच ऐकला आणि आता कुठंही ऐकला तरी ओळखेन.

मग बाया बसतात. जाळ्यातून मासा सोडवायचं काम बहुतेक त्यांचंच. मी एका मावशींच्या शेजारी मायक्रोफोन धरून बसलो. त्या माशाला डोक्यामागून धरत, अंगठ्यानं कल्ल्यात अडकलेला धागा मागे सारत, दुसऱ्या हाताच्या करंगळीनं शेपटीकडचा फास सैल करत आणि मासा पुढच्या बाजूनं ओढून काढत. मागे ओढला तर खवले उलटे उभे राहतात आणि जाळं तुटतं. एका माशाला चार-पाच सेकंद. रोहू, कतला एका टोपलीत, चिलापी दुसरीत, झिंगे भांड्यात. एक मरळ निघाली तेव्हा सगळ्यांनी माना वळवल्या. मरळीला भाव चांगला, आणि ती पाण्याबाहेरही बराच वेळ जिवंत राहते. भांड्यात टाकल्यावर तिनं शेपटीनं असा तडाखा दिला की माझ्या हेडफोनमध्ये दणका बसला.

"बाबू, हा डबा कायचा हाय?" मावशींनी विचारलं.

आवाज टिपतोय म्हटलं.

"मासोरीचा कोनता आवाज? मासोरी त मुकीच रायते." त्या हसल्या आणि लगेच म्हणाल्या, "नदी बोलत होती पैले."

पुढचा अर्धा तास त्याच बोलत होत्या, हात मात्र थांबले नाहीत. धरणाआधी नदीत डोह होते आणि डोहांना नावं होती. पावसाळ्याच्या सुरुवातीला मासे वर चढत, त्यांची वेळ ठरलेली. उन्हाळ्यात पात्र उघडं पडलं की वाळूत डांगरवाड्या लागत. टरबूज, डांगर, काकड्या. भूमिहीन माणसाला उन्हाळ्याचे तीन महिने नदीच शेत देत होती. धरण झालं, डोह बुडाले, वाळू बुडाली, भिंत आडवी आल्यानं माशांचं वर चढणंही थांबलं. ज्यांची सातबाऱ्यावर जमीन होती त्यांना मोबदला मिळाला. नदीचा सातबारा कुणाच्या नावावर नव्हता. आता जलाशयात मत्स्यबीज सोडलं जातं, बोटुकली मोठी होते, ती पकडायची. मासे मिळतात, काही वेळा भरपूर मिळतात. "पन तो आमचा मासा नोहे," त्या म्हणाल्या. सोडलेला मासा आणि नदीचा मासा यांत त्यांना फरक दिसतो आणि तो त्या मांस दाबून दाखवतात.

सहाच्या सुमारास व्यापाऱ्याची गाडी आली. थर्माकोलचे डबे, बर्फ फोडायचा दांडा, इलेक्ट्रॉनिक काटा. बर्फ फुटण्याचा आवाज, काट्याची टूं टूं, वजन ओरडून सांगणारा पोरगा, आणि प्रत्येक वजनाला मनातल्या मनात जुळवणी करणाऱ्या बायांची पुटपुट. कुठल्याही बंदरावर पहाटे हेच चालतं. फक्त तिथं मागे समुद्राची गाज असते. इथं मागे काहीच नव्हतं. उजाडल्यावर सगळं वीस मिनिटांत संपलं. गाडी नागपूरकडे गेली.

दुपारी त्यांच्याकडेच जेवलो. नव्या तांदळाचा भात, झिंग्यांची चटणी आणि लाखोळीच्या डाळीचं वरण. धान निघालं की त्याच ओलाव्यावर बांध्यांतून लाखोळी वाढते. जानेवारीत या भागात कुठंही गेलात तर धसकटांमध्ये तिची निळी फुलं दिसतात.

संध्याकाळी धरणाच्या भिंतीवर गेलो. एका बाजूला नजर पोचेपर्यंत पाणी, दुसऱ्या बाजूला खडक, वाळू आणि त्यांतून वाहणारी नदीची अरुंद धार. दरवाजे उघडायच्या आधी इथं भोंगा वाजवतात, काठच्या गावांना सावध करायला. जानेवारीत दरवाजे बंद, त्यामुळे तो आवाज आम्हाला मिळाला नाही. बरोबर आलेले काका म्हणाले, "पैले नदी सांगत होती पानी चढते का उतरते. आता भोंगा सांगते." रात्री अचानक पाणी सुटलं तर खालच्या बाजूला लावलेली जाळी वाहून जातात, म्हणून पावसाळ्यात तिथली माणसं भोंग्याकडे कान लावून झोपतात.

गुरुवार, पवनी

पवनी धरणाच्या खालच्या अंगाला, दहाएक किलोमीटरवर. जुनं, कोटाच्या आतलं गाव. किल्ल्याचा दरवाजा अजून उभा आहे, आत बोळ, देवळांमागून देवळं, आणि एका बाजूला नदीचा घाट. विदर्भाची काशी असं तिला म्हणतात.

गावाबाहेर जगन्नाथ टेकडीवर मोठा बौद्ध स्तूप होता. १९६९-७० मध्ये नागपूर विद्यापीठ आणि भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणानं मिळून तिथं उत्खनन केलं. म्हणजे दोन हजार वर्षांपूर्वीही या घाटावर माणसांचा राबता होता, दूरदूरचे व्यापारी आणि भिक्खू इथं येत होते. टेकडीवर आज शांतता आहे. तिथं मी फक्त बसलो, रेकॉर्डर बंद ठेवून.

वैजेश्वराच्या घाटावर मात्र सकाळपासून दुपारपर्यंत ठाण मांडलं. दगडी पायऱ्यांवर कपडे आपटण्याचे आवाज वेगवेगळे येतात. सतरंजी 'धप्प', लुगडं 'सप्प', शाळेचा गणवेश 'फट फट'. पलीकडच्या वाळूत रेतीचे ट्रॅक्टर, त्यांच्या फाळक्यांची खडखड. देवळातली घंटा अधूनमधून. अस्थी घेऊन आलेलं एक कुटुंब खालच्या पायरीवर. गुरुजी मंत्र म्हणत होते, आणि त्या घरातली लहान मुलगी पाण्यात खडे टाकत होती. मित्रानं कॅमेरा खाली ठेवला. मीही हेडफोन काढले. दुसऱ्याच्या दुःखाचा आवाज परवानगीवाचून घ्यायचा नाही, हे आम्ही आधीच ठरवलं होतं. थोड्या वेळानं त्या मुलीच्या आजोबांनीच विचारलं, कुठले तुम्ही, काय करता. सांगितलं. ते म्हणाले, "इथला पानी पैले असा नव्हता. आमच्या बापाच्या टायमाले उन्हारात बी पोहत जा लागे."

दुपारी कोष्ट्यांच्या आळीत गेलो. पवनीच्या कोशाच्या, म्हणजे टसर रेशमाच्या, साड्या नावाजलेल्या. हातमागांची संख्या कमी होत चाललीय हे रस्त्यावरच कळतं. लांबून येणारी खटखट आता दोन-चार घरांतूनच येते. एका घरात खड्ड्यातला माग होता. विणकर काकांचे पाय खाली पावड्यांवर, डावा हात फणीवर, उजव्या हातात धोट्याची दोरी. धोटा जातो, फणी येते, पाय बदलतो. या तीन आवाजांच्या मध्ये एक चौथा होता, तो मला आधी उमगला नाही. काकू दाराशी बसून कांड्या भरत होत्या आणि त्यांचा चरखा मागाच्या ठेक्यातच फिरत होता. मुद्दाम नाही. इतकी वर्षं एका घरात काम करून तसं जुळून आलेलं.

संध्याकाळी पुन्हा घाटावर. माझ्या डोक्यात एक जुनी गोष्ट घोळत होती. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर इंग्रजांना नागपूर-वऱ्हाडचा कापूस पूर्व किनाऱ्याच्या बंदरापर्यंत पाण्यानं न्यायचा होता. गोदावरीवर धवळेश्वरमचा बंधारा बांधणाऱ्या आर्थर कॉटन यांचा याला मोठा पाठिंबा. समुद्राकडून गोदावरीनं वर यायचं, प्राणहितेत शिरायचं आणि वर्धा-वैनगंगेच्या खोऱ्याशी जोडायचं, असा तो आराखडा. वाटेत तीन ठिकाणी खडकांचे अडथळे होते: दुम्मागुडेम, इंचमपल्ली आणि प्राणहितेवरचं देवलमरी. कालवे आणि दारं बांधून ते ओलांडायचं काम काही वर्षं चाललं. तोवर १८६७ ला रेल्वे नागपूरला पोचली आणि कापूस मुंबईच्या वाटेला लागला. १८७१ मध्ये नदीचं काम सोडून देण्यात आलं. आणि गंमत अशी की २०१६ च्या राष्ट्रीय जलमार्ग कायद्यात देशातले जे १११ जलमार्ग जाहीर झाले, त्यांत वैनगंगा-प्राणहितेचं नाव पुन्हा आहे.

तो बेत तडीला गेला असता तर या पात्रातून वाफेच्या बोटी गेल्या असत्या, खालच्या एखाद्या घाटावर गोदामं, हमाल, दलाल, वखारी उभ्या राहिल्या असत्या. आज मी बंदराच्या शहराचाच माहितीपट करत असतो. पण मला नाही वाटत की इथं त्यावाचून काही कमी आहे. पाण्यापाशी कामाला आलेली माणसं, त्यांच्या वेळा, त्यांचे भाव, त्यांची भांडणं, त्यांचे देव, हे सगळं या पायऱ्यांवर आहेच. बोट आली नाही म्हणून या जगण्याकडे कुणी बघितलं नाही, एवढंच. माझा राग त्याबद्दल आहे, आणि हा माहितीपट करायचा तो त्यासाठी.

शुक्रवार, वडसा

लाखांदूरमार्गे वडशाला आलो. कागदोपत्री देसाईगंज, लोक वडसाच म्हणतात. गडचिरोली जिल्ह्यात आगगाडी दिसायची ती अनेक वर्षं इथंच. स्टेशनाबाहेर पडलं की मुख्य रस्त्यावर नाटक कंपन्यांच्या पाट्या सुरू होतात. ही झाडीपट्टी रंगभूमीची पेठ; झाडीपट्टी म्हणजे पूर्व विदर्भाचा हा जंगलपट्टा. दिवाळीनंतरच्या मंडईपासून, म्हणजे गावच्या जत्रेपासून, होळीपर्यंत भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या चार जिल्ह्यांत रोज रात्री कुठं ना कुठं नाटक असतंच. गावातली मंडळं इथं येतात, कंपनी ठरवतात, तारीख घेतात, विसार देतात. २०२३ मध्ये परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली तेव्हा या रंगभूमीचं नाव दिल्लीपर्यंत गेलं. पेठेतल्या माणसांना त्याचा अभिमान आहे आणि ते तो बोलून दाखवतात.

आम्ही जवळच्याच एका गावी गेलो, शंकरपटाच्या, म्हणजे बैलजोड्यांच्या शर्यतीच्या, निमित्तानं ठेवलेल्या नाटकाला. मध्यंतरी २०१४ पासून पटावर बंदी होती. २०२१ च्या डिसेंबरात सर्वोच्च न्यायालयानं अटींवर परवानगी दिली तसे पट पुन्हा भरायला लागले, आणि २०२३ मध्ये न्यायालयानं राज्याचा कायदाही ग्राह्य धरला. दिवसभर बैलजोड्या धावल्या होत्या, गावात घरोघरी पाहुणे. इथं नाटक म्हणजे सोयऱ्याधायऱ्यांची भेट. उपवर मुलं-मुली दाखवायचंही तेच ठिकाण. ज्या घरी उतरलो तिथल्या काकूंनी आम्हाला आग्रहानं वाढता वाढता तीन स्थळांची माहिती एका पाहुण्याला दिली.

नाटक साडेदहानंतर सुरू झालं. मंडपात पुढे बाया-पोरं चादरी अंथरून, मागे बाप्ये, कडेला आलूबोंड्याच्या आणि चहाच्या गाड्या. रंगमंचापुढे वादक: ऑर्गन, तबला, ढोलकी, आणि आता ऑक्टोपॅड. मी मायक्रोफोन घेऊन विंगेत जागा मिळवली आणि तिथं मला रात्रीचा सगळ्यात सुंदर आवाज सापडला. पडद्याआड एक माणूस वही घेऊन स्टुलावर बसला होता. प्रॉम्प्टर. तो प्रत्येक वाक्य अर्ध्या श्वासाआधी सांगत होता, सपाट आवाजात, कुठलाही भाव न आणता. आणि पुढच्याच क्षणी तेच वाक्य बाहेर रडत, गर्जत, थरथरत उमटत होतं. माझ्या एका कानात कोरडं वाक्य, दुसऱ्या कानात भिजलेलं. दुसऱ्या अंकात आईचं काम करणाऱ्या बाईंनी त्याच्याकडे न बघता पुढची दोन पानं स्वतःच म्हटली. त्यानं वही मिटली आणि ऐकत बसला. बाहेर हुंदके ऐकू येत होते, हे मी अतिशयोक्ती न करता लिहितोय. शेजारची एक आजी पदरानं डोळे पुसत शेवटी ओरडलीच, "नोको जाऊ वो माय!"

मधल्या वेळात आर्केस्ट्राची गाणी, लावणी, शिट्ट्या. थंडी वाढली तशा लोकांनी शेकोट्या केल्या. काटक्यांची तडतड नोंदीत सगळीकडे आहे. तीनच्या पुढे लहान मुलं चादरीत झोपली, पण मोठी माणसं हलली नाहीत. या प्रेक्षकांत दिवसा धान बांधणारे होते, रेतीच्या ट्रॅक्टरवरचे मजूर होते, जाळी टाकणारेही होते. एकानं मला सांगितलं की तो आज जाळं लावून आलाच नाही, "रोज रोज नदी, एक रात नाटक."

पाचला पडदा पडला. नट मंडळी चेहऱ्याचा रंग तेलानं पुसत टेम्पोत बसली; संध्याकाळी त्यांना दुसऱ्या गावी उभं राहायचं होतं.

शनिवार

दिवसभर झोप, आणि बॅटऱ्या चार्ज केल्या.

रविवार, आरमोरी

आरमोरीच्या बाजूला ढिवरांचं आणखी एक काम आहे, टसर कोशाचं. रानात ऐनाच्या आणि अर्जुनाच्या झाडांवर अळ्या वाढवायच्या, पाखरांपासून राखायच्या, आणि कोसले उतरवायचे. पवनीच्या मागावर जो धागा बघितला, त्याची सुरुवात अशा झाडांवर होते. नदीवरचे लोक जंगलात कसे, याचं मला नवल वाटलं होतं. पण पाणी आणि रान ही त्यांच्या लेखी एकाच वर्षाची दोन टोकं आहेत. एक काम नसतं तेव्हा दुसरं असतं.

हंगाम संपत आला होता. एका मांडवाखाली कोसले वाळत घातलेले. बोरापेक्षा मोठे, करड्या-पिवळ्या रंगाचे, आणि प्रत्येकाला झाडाला धरून राहायचा टणक देठ. काकांनी एक उचलून माझ्या कानाशी हलवला. आत कोष सरकल्याचा मंद, जड आवाज. जिवंत असला तर असा वाजतो, मेला तर सुकून खुळखुळतो. बियाण्यासाठी कोसले निवडताना ते वजनाबरोबर हेही बघतात. मी तो आवाज घेतला; मायक्रोफोन अगदी चिकटवावा लागला.

मग त्यांनीच विचारलं, डब्यात आणखी काय काय आहे. मी हेडफोन त्यांच्या कानाला लावला आणि पवनीच्या घाटावरची सकाळ लावली. त्यांचं आजोळ, म्हणजे आईचं माहेर, त्या बाजूचं. ते डोळे मिटून ऐकत राहिले. कपड्यांचे आवाज गेले, ट्रॅक्टर गेला. पायरीशी पाणी लागण्याचा जो बारीक आवाज आहे, तिथं त्यांनी हात वर केला आणि परत लावायला सांगितलं.

"गेट बंद हायत," ते म्हणाले. "पानी खालच्या पायरीच्या बी खाली हाय."

बरोबर होतं. शेवटच्या पायरीखाली हातभर चिखल उघडा होता, आम्ही स्वतः बघितला होता. मी त्यांना धरणावरच्या काकांचं बोलणं सांगितलं, आणि भोंगा आम्हाला मिळाला नाही हेही.

"मंग पोऱ्याच्या आसपास या," काका म्हणाले. "पान्याचा जोर रायला का भोंगा वाजतेच. पन पवनीले नोको थांबू, तिथं गावाचा गलबला रायते. खालतं माझ्या मामाच्या पोराचं घर हाय, तिथून साफ आयकू येते." त्यांनी मामेभावाचा नंबर दिला. मित्रानं तो फोनमध्ये भरला आणि पोळ्याची, म्हणजे भाद्रपदाच्या आधीच्या अमावस्येची, तारीख कॅलेंडरात शोधायला लागला.